राखणीचा उन्हाळा

सिडनीच्या मॅन्ली किनाऱ्यावर १९०२ साली विल्यम गोचर या वृत्तपत्रमालकानं आपल्याच पत्रात जाहीर करून टाकलं, की मी भरदिवसा समुद्रात उतरणार आहे. त्या काळी न्यू साउथ वेल्समध्ये दिवसाउजेडी, लोकांच्या नजरेसमोर समुद्रस्नान करायला बंदी होती. उतरायचं तर झुंजुमुंजू असताना, नाही तर अंधार पडल्यावर. गोचर बोलल्याप्रमाणे उतरला. पुढच्या वर्षी मॅन्लीतली बंदी सैल झाली, मग एकेका किनाऱ्यावरून ती उठत गेली. आज ज्या देशाचं नाव काढताच समुद्रकिनारा आठवतो, त्यानं उन्हाळ्यात पाण्याकडे तोंड केलं ते तेव्हा. अर्थात हे तिथल्या गोऱ्या वसाहतीपुरतं खरं. सिडनी बंदराच्या आसपासच्या मूळ रहिवाशांच्या पिढ्यान्‌पिढ्या त्याच खाड्यांत पोहत, मासे धरत, शिंपल्या वेचत वाढल्या होत्या. त्यांच्या पाण्यात उतरण्याला कधी कोणाची परवानगी लागली नव्हती.

बंदी उठली आणि लोक बुडायला लागले. बहुतेकांना पोहता येत नव्हतं आणि समोर होता प्रशांत महासागर. मग किनाऱ्याकिनाऱ्यावरची तरुण मंडळी स्वतःच एकत्र आली. बोंडायचा जीवरक्षक क्लब १९०७ मध्ये सुरू झाला तो असाच. लाकडी रिळावर लांब दोर गुंडाळलेला, दोराच्या टोकाला पट्टा, तो पट्टा कमरेला बांधून एकजण लाटांत झेपावून बुडणाऱ्याला धरणार आणि काठावरचे बाकीचे दोर ओढून दोघांनाही बाहेर काढणार. सरकारनं नेमलेलं हे खातं नव्हतं, त्याला पगार नव्हता. आज देशभरात असे तीनशेहून अधिक क्लब आहेत, दीड लाखाहून अधिक सभासद आहेत, आणि शनिवार-रविवारी लाल-पिवळी टोपी घालून वाळूवर उभी राहणारी माणसं अजूनही मोबदला न घेता उभी असतात. बायकांना मात्र या पहाऱ्यात पूर्ण सभासद म्हणून जागा मिळायला १९८० साल उजाडावं लागलं.

ऑस्ट्रेलियाच्या उन्हाळ्याचं वर्णन करताना लोक मोकळेपणाबद्दल बोलतात. अनवाणी पाय, उघडे खांदे, बागेत पेटलेला बार्बेक्यू, बर्फाच्या पेटीत गार होणारी बिअर, कशाची घाई नाही. हे सगळं खरं आहे आणि मला ते मनापासून आवडतं. पण इथं राहून उन्हाळे काढल्यावर माझं मत असं झालं आहे, की हा ऋतू मुळात राखणीचा आहे. कोकणात गावाला एक राखणदार असतो. त्याच्या भरवशावर माणसं रात्री-अपरात्री निर्धास्त हिंडतात, आणि वर्षातून एकदा त्याला त्याचा मान देतात. ऑस्ट्रेलियात हे काम माणसंच पाळीपाळीनं करतात. शेजारचा सुतार, शाळेतल्या बाई, कॉलेजातली मुलगी. त्यांनी पहारा दिला म्हणून बाकीच्यांना निवांतपणा मिळतो, आणि पुढच्या आठवड्यात पहाऱ्याची पाळी त्या बाकीच्यांतल्याच कोणाची तरी असते.

झेंड्यांचंच बघा. पोहायचं ते लाल-पिवळ्या झेंड्यांच्या मधे, हे इथलं मूल अक्षरओळखीच्या आधी शिकतं. गोव्यात कळंगुट-बागाच्या किनाऱ्यामुळे आपल्याकडेही हे झेंडे आता ओळखीचे झाले आहेत. पण ते रोवले जातात कसे, हे सकाळी लवकर जाऊन बघण्यासारखं आहे. जीवरक्षक काठावर उभा राहून बराच वेळ नुसतं पाणी बघतो. लाटा कुठे फुटतात, फेस कुठे मागे सरकतो, पाण्याचा रंग कुठे गडद आहे. नवख्या माणसाला जी जागा सगळ्यांत शांत दिसते, जिथे लाट फुटतच नाही, तीच बहुतेकदा घातकी असते. काठावर चढलेलं पाणी तिथूनच जोरानं समुद्राकडे परत जात असतं, आणि त्या ओढीत सापडलेला माणूस काठाकडे पोहून पोहून थकतो. म्हणून झेंडे लागतात ते लाटा फुटणाऱ्या, खवळलेल्या दिसणाऱ्या पट्ट्यात. शिवाय ते कायमचे नसतात. भरती-ओहोटी बदलते, वाळूचा दांडा सरकतो, तसे दुपारी ते उपटून वीस पावलं पलीकडे नेतात. पाण्यातले पोहणारेही मग मुकाट्यानं तिकडे सरकतात. एरवी नियमांबद्दल कुरकुर करणारी माणसंही या एका बाबतीत हुज्जत घालत नाहीत.

हुज्जत न घालण्यामागे आठवणी आहेत. ६ फेब्रुवारी १९३८, रविवार, बोंडाय. एकामागून एक तीन प्रचंड लाटा आल्या आणि परतताना त्यांनी वाळूच्या दांड्यावर उभ्या असलेल्या सुमारे अडीचशे माणसांना खोल पाण्यात ओढून नेलं. योगायोगानं त्या वेळी किनाऱ्यावर ऐंशीच्या आसपास जीवरक्षक हजर होते. त्यांनी रिळं सोडली, फळ्या टाकल्या, हातांनी ओढलं. पाचजण गेले. बाकीचे सगळे परत आले, त्यांतले कित्येक बेशुद्ध अवस्थेत. आणि समुद्र हुद्दा बघत नाही, याची या देशाला झालेली सर्वांत मोठी जाणीव म्हणजे १७ डिसेंबर १९६७. पंतप्रधान हॅरल्ड होल्ट, पट्टीचे पोहणारे, व्हिक्टोरियातल्या शेव्हिअट किनाऱ्यावर पाण्यात उतरले आणि पुन्हा कोणाला दिसले नाहीत. जानेवारी २०२४ मध्ये फिलिप आयलंडच्या गस्त नसलेल्या एका किनाऱ्यावर भारतीय वंशाचे चारजण बुडाले, तेव्हा इथल्या भारतीय घराघरांत तोच विषय होता. आपल्यातले कितीतरीजण तिशी-चाळिशीत इथं येतात, पोहता येत नसतं, आणि शांत दिसणाऱ्या पाण्याची भाषा आपल्याला कोणी शिकवलेली नसते.

पाण्याइतकीच राखण उन्हापासून. मॅक्स ड्युपेन या छायाचित्रकारानं १९३७ मध्ये कल्बरा किनाऱ्यावर टिपलेलं ‘सनबेकर’ हे चित्र ऑस्ट्रेलियाची ओळख म्हणून जगभर गेलं. वाळूत पालथा पडलेला माणूस, डोकं हातावर, खांद्यावर पाण्याचे थेंब. तो माणूस मूळचा इंग्रज होता, ही गोष्ट मला फार बोलकी वाटते. धुक्याच्या देशातून आलेली फिकी कातडी या अक्षांशावर उघडी टाकली आणि दोन-तीन पिढ्या तिला रापण्यातच आरोग्य मानलं. त्याची किंमत अशी, की आज वयाच्या सत्तरीपर्यंत दर तीन ऑस्ट्रेलियनांपैकी दोघांना कुठल्या ना कुठल्या प्रकारचा त्वचेचा कर्करोग झालेला असतो. १९८१ मध्ये सिड नावाच्या समुद्रपक्ष्याचं कार्टून टीव्हीवर नाचत सांगू लागलं, की सदरा चढवा, मलम फासा, टोपी घाला. ते गाणं एका पिढीला तोंडपाठ झालं. आज प्राथमिक शाळेत टोपी विसरलेलं मूल मधल्या सुट्टीत मैदानावर जात नाही, सावलीत बसतं. हवामानाच्या बातम्यांत तापमानासोबत अतिनील किरणांचा आकडा सांगतात. एका समाजानं आपली सुखाची कल्पना इतक्या थोड्या काळात, जबरदस्ती न होता, बदलून घेतली याचं मला अपार कौतुक आहे.

पण राखण म्हटली की प्रश्न येतो, कोणासाठी राखलेलं?

न्यू साउथ वेल्सच्या आत, समुद्रापासून शेकडो किलोमीटरवर, मोरी नावाचं गाव आहे. तिथला उन्हाळा भाजून काढणारा, आणि गावाचा सगळा आनंद सार्वजनिक तरणतलावात. त्या तलावात मूळ रहिवाशांना प्रवेश नव्हता. नगरपालिकेचा तसा ठरावच होता. फेब्रुवारी १९६५ मध्ये सिडनी विद्यापीठातला चार्ल्स पर्किन्स हा मूळ रहिवासी विद्यार्थी बसभर सोबती घेऊन अशा गावांतून फिरत होता. मोरीत ही मंडळी मूळ रहिवाशांच्या वस्तीवरच्या मुलांना घेऊन तलावाच्या फाटकाशी गेली आणि आत सोडा म्हणून उभी राहिली. भोवती शेकड्यांनी जमाव जमला, अंडी आणि टोमॅटो फेकले गेले. कडक उन्हात, पाण्याच्या वासाच्या अंतरावर, पोहायचे कपडे हातात घेऊन उभी असलेली ती मुलं! महाडचं चवदार तळं ज्या भाषेच्या स्मृतीत आहे, त्या भाषेत वाढलेल्या माणसाला या प्रसंगाचा अर्थ कोणी समजावून सांगावा लागत नाही. पाणी सार्वजनिक असणं आणि ते सर्वांचं असणं यांत जे अंतर असतं, ते कोणीतरी चालत जाऊनच तोडावं लागतं.

चाळीस वर्षांनी, ११ डिसेंबर २००५ ला, सिडनीच्याच क्रोनुला किनाऱ्यावर पाच हजारांच्या जमावानं अरबी चेहऱ्यामोहऱ्याची दिसतील त्या माणसांना बडवलं. किनारा आमचा आहे, अशी त्या जमावाची भावना होती. उन्हाळ्याच्या तोंडावर घडलेल्या त्या घटनेनं या देशाला आपल्याच लाडक्या चित्राकडे पुन्हा बघायला लावलं. त्यानंतर जीवरक्षक क्लबांनी लेबनीज वस्त्यांतल्या तरुण-तरुणींना बोलावून प्रशिक्षण दिलं. सिडनीच्याच अहेदा झनेटी या बाईंनी शिवलेला, अंगभर झाकणारा बुर्किनी लाल-पिवळ्या रंगात आला आणि तो घालून एक मुस्लिम तरुणी पहाऱ्यावर उभी राहिली. किनाऱ्यावर हक्क सांगायला आलेल्या जमावाला याहून चोख उत्तर मला सुचत नाही. ज्यांना हुसकायला जमाव आला, त्यांच्याच मुली आता बुडणाऱ्याला वाचवायला वाळूवर होत्या.

हा वाद वेगळ्या रूपात अजून चालू आहे. अलीकडे लोक सकाळीच येऊन चार खांबांचे कापडी मांडव वाळूत उभारतात, जागा अडवून घरी जातात आणि दुपारी निवांत परततात. जानेवारी २०२५ मध्ये यावर देशभर चर्चा पेटली, पंतप्रधान अल्बनीझी यांनीही त्याबद्दल नाराजी बोलून दाखवली. बाहेरच्याला हा विषय क्षुल्लक वाटेल. मला वाटला नाही. ज्या देशात घर घेणं सामान्य नोकरदाराच्या आवाक्याबाहेर चाललं आहे, तिथे तिकिटाविना, फाटकाविना सगळ्यांना सारखी मिळणारी जी थोडी जागा उरली आहे ती म्हणजे ही वाळू. ती कोणी सकाळी सहाला मांडव टाकून स्वतःची करणार असेल, तर लोकांना राग यायलाच हवा.

या ऋतूचे सणही इथे दुसऱ्या गोलार्धातून आले. नाताळ आला तो इंग्लंडच्या बर्फासकट. वर्षानुवर्षं लोक चाळीस डिग्रीत भाजलेली टर्की आणि वाफाळतं पुडिंग खात राहिले, दुकानांच्या काचांवर कापसाचा बर्फ चिकटवत राहिले. हळूहळू ताटातला पदार्थ हवेला शरण आला. आता नाताळच्या तोंडावर सिडनीच्या मासळीबाजारात रात्रभर दिवे जळतात, ३६ तास सलग विक्री चालते, आणि पहाटे तीनला माणसं बर्फाच्या पेट्या घेऊन कोळंबीसाठी रांगेत उभी असतात. जेवणात थंड हॅम, कोळंबी, चेरी, आंबा आणि पाव्हलोवा. आंबा म्हणजे केन्सिंग्टन प्राइड, क्वीन्सलंडच्या बोवेन गावचा. घोडे घेऊन भारतात जाणाऱ्या जहाजांतून त्याचं मूळ बोवेनला आलं असं मानतात. त्याला हापूसचा गंध नाही, पण डिसेंबरात त्याची पेटी घरात आली की घर बदलतं, एवढं नक्की. मेलबर्नमध्ये नाताळच्या आदल्या रात्री हजारो लोक मेणबत्त्या घेऊन उघड्यावर गाणी म्हणतात. नॉर्मन बँक्स या रेडिओ निवेदकाला एका रात्री खिडकीत मेणबत्ती लावून एकटीच रेडिओबरोबर गाणारी म्हातारी दिसली, आणि अशी एकटी माणसं एकत्र यावीत म्हणून त्यानं १९३८ मध्ये हे सुरू केलं. उन्हाळ्याची रात्र उघड्यावर बसण्याजोगी असते म्हणून ते टिकलं. इंग्लंडात डिसेंबरच्या रात्री कोण बसणार?

मराठी घरांत हीच गोष्ट जानेवारीत होते. संक्रांत येते, बायका ऊब धरणारी काळी साडी नेसून हळदीकुंकवाला निघतात, तीळ आणि गूळ कढईत पडतो, आणि बाहेर पारा चाळिशीला टेकलेला असतो. आपल्याकडे त्या दिवसापासून दिवस तिळातिळानं वाढतो असं म्हणतात. इथे तो तितक्याच हळूहळू लहान होत असतो, कारण उत्तरेकडे निघालेला सूर्य इथून दूर चाललेला असतो. तरीही कोणी संक्रांत जूनमध्ये नेलेली नाही, नेऊही नये. सण हवेशी जुळावा असा हट्ट धरला तर तो घराशी जुळत नाही. ज्या इंग्रजांनी कापसाचा बर्फ चिकटवला त्यांच्या मनातली ओढ मला तिळाच्या वड्या थापताना कळली. तरीही मला खात्री आहे, की आणखी एका पिढीत आपल्या संक्रांतीच्या ताटातही इथलं काहीतरी येऊन बसेल. कदाचित तिळाच्या आइस्क्रीमच्या रूपानं, आणि तेही चालेल.

या सगळ्यात जो सण कुठूनही आणलेला वाटत नाही तो म्हणजे क्रिकेट. नाताळच्या दुसऱ्या दिवशी मेलबर्नच्या मैदानावर कसोटी सुरू होते, त्याच दिवशी सिडनीहून होबार्टकडे शिडाच्या बोटी निघतात, आणि घराघरांच्या परसात कचऱ्याच्या डब्याचा स्टंप होतो. भिंतीपलीकडे चेंडू मारला की बाद, हा नियम गिरगावात काय नि जीलाँगमध्ये काय, सारखाच. पण मेलबर्नच्या त्या कसोटीआड एक जुनी गोष्ट आहे. २६ डिसेंबर १८६६ ला, म्हणजे कसोटी क्रिकेट जन्मायच्या आधी, त्याच मैदानावर पश्चिम व्हिक्टोरियातल्या मूळ रहिवाशांचा संघ मेलबर्न क्लबाविरुद्ध उतरला होता. हजारो लोक बघायला आले. १८६८ मध्ये मूळ रहिवाशांचा संघ इंग्लंडला गेला. परदेश दौऱ्यावर गेलेला तो पहिला ऑस्ट्रेलियन संघ, आणि जॉनी मुलाग हा त्याचा सर्वोत्तम खेळाडू. पुढच्याच वर्षी व्हिक्टोरियात कायदा झाला आणि मूळ रहिवाशांनी कुठे राहायचं, कुठे जायचं हे सरकार ठरवू लागलं. मग दीडशे वर्षं मुलागचं नाव जवळपास कोणी घेतलं नाही. २०२० मध्ये मेलबर्न कसोटीच्या सामनावीरासाठी त्याच्या नावाचं पदक सुरू झालं. ते पहिलं पदक कोणाच्या गळ्यात पडलं? ॲडलेडला ३६ धावांत गारद झालेल्या, कर्णधार मायदेशी परतलेल्या संघाची सूत्रं हाती घेऊन ११२ धावा काढणाऱ्या अजिंक्य रहाणेच्या. त्या सकाळी मुंबईत थंडीत जागून बघणाऱ्या कित्येकांना मुलाग कोण हे ठाऊक नसेल. आज ठाऊक असायला हवं. आपल्या एका विजयाशी या देशाची एक जुनी थकबाकी बांधली गेली आहे.

थकबाकी आणखी आहे. २६ जानेवारी, आपला प्रजासत्ताक दिन, हाच इथला राष्ट्रीय दिवस, कारण १७८८ मध्ये त्या दिवशी ब्रिटिश ताफ्यानं सिडनीत झेंडा रोवला. ऐन उन्हाळ्यातली सुट्टी, सगळीकडे बार्बेक्यूचा धूर. आणि १९३८ मध्ये त्याच दिवशी सिडनीत मूळ रहिवाशांनी शोकदिन पाळला, तेव्हापासून ती परंपराही चालत आली आहे. आता दर वर्षी शहरांच्या मधून मोर्चे निघतात, त्यांत गोरी माणसंही मोठ्या संख्येनं असतात. तारीख बदलावी असं मला स्पष्टपणे वाटतं. उन्हाळ्यात तारखांना तोटा नाही.

जानेवारीत हा देश थांबतो, याचं नव्यानं आलेल्या भारतीयाला आधी नवल वाटतं, मग थोडी अस्वस्थताही. फोनला उत्तर नाही, सुताराचा पत्ता नाही, ऑफिसात निम्म्या खुर्च्या रिकाम्या. हे आपसूक झालेलं नाही. मेलबर्नच्या पाथरवटांनी १८५६ मध्ये आठ तासांचा कामाचा दिवस मिळवला, तेव्हा त्यांचा एक मुद्दा असा होता, की या उन्हात दहा तास दगड फोडणं माणसाच्या ताकदीबाहेरचं आहे. न्यू साउथ वेल्सनं १९४४ च्या कायद्यानं कामगारांना वर्षाला दोन आठवडे भरपगारी सुट्टी दिली. आज ती देशभर चार आठवडे आहे. युद्धानंतर स्वस्त झालेल्या मोटारी, त्यामागे कॅरव्हान, शाळांना डिसेंबरच्या मध्यापासून जानेवारीच्या शेवटापर्यंत सुट्टी. कामकरी माणसाचं कुटुंब समुद्रकाठी तंबू टाकून तीन आठवडे राहू शकलं ते यामुळे. मॉर्निंग्टन द्वीपकल्पाच्या काठाला आजही अशी कुटुंबं भेटतात, आजोबांनी तंबू टाकला त्याच झाडाखाली नातू टाकतो, शेजारचा तंबूही ओळखीचा. आराम ही श्रीमंतांची मिरास नाही हे या देशानं कायद्यात लिहून घेतलं. आपल्याकडे मे महिन्याच्या दुपारी डांबर ओतणाऱ्या बाईला सावलीचा तास मिळावा म्हणून अजून भांडावं लागतं, तेव्हा मला पाथरवटांचा तो मुद्दा हटकून आठवतो.

मात्र याच ऋतूची दुसरी बाजू अंगावर काटा आणणारी आहे. मेलबर्नमध्ये उन्हाळ्यात उत्तरेचा वारा सुटतो. वाळवंटावरून आलेला, भट्टीचं दार उघडल्यासारखा. झाडांची पानं कडकडीत होतात, पक्षी चोची उघड्या टाकून सावलीला बसतात. सगळं शहर मग नैर्ऋत्येकडून येणाऱ्या गार वाऱ्याची वाट बघतं. हवामान खातं त्याची वेळ सांगतं, लोक एकमेकांना फोन करून विचारतात, तुमच्याकडे पोचला का? आणि तो आला की अर्ध्या तासात पारा पंधरा-वीस डिग्रींनी उतरतो. बंद पडदे सरकतात, खिडक्या उघडतात, माणसं फाटकाशी येऊन उभी राहतात. शहरात या वाऱ्यासारखं सुख नाही. ७ फेब्रुवारी २००९ ला मेलबर्नचा पारा ४६.४ वर गेला, संध्याकाळी तो वारा आला, आणि शहराला दिलासा देणाऱ्या त्याच वाऱ्यानं डोंगरातल्या वणव्यांची दिशा फिरवली. आगीची लांबच लांब कड एकाएकी तिचं तोंड झाली. किंगलेक, मेरीसव्हिल यांसारखी गावं त्या संध्याकाळी गेली. एकूण १७३ माणसं. त्याच्या आधीच्या आठवड्यातल्या उष्णतेच्या लाटेत व्हिक्टोरियात नेहमीपेक्षा ३७४ मृत्यू अधिक झाले होते, बहुतेक म्हाताऱ्या माणसांचे, बंद घरांत. वणव्याची स्मारकं आहेत. त्या ३७४ जणांचं स्मारक कुठे पाहिल्याचं मला आठवत नाही. उष्णता आवाज न करता मारते, म्हणून तिच्याविरुद्धची राखण अजून दुबळी आहे, इथेही आणि विदर्भातही.

वणव्याविरुद्धची राखण किनाऱ्यावरच्या राखणीची सख्खी बहीण. एकट्या न्यू साउथ वेल्समध्ये सत्तर हजारांहून अधिक स्वयंसेवक वणवे विझवायला नाव नोंदवून आहेत. गावाबाहेरच्या रस्त्यावर अर्धवर्तुळाकार फलक असतो, त्यावरचा काटा आज धोका किती ते दाखवतो. नोव्हेंबरात लोक पन्हळीतला पालापाचोळा काढतात, अंगणातलं वाळलं गवत कापतात, निघायची वेळ आली तर काय उचलायचं याची यादी करतात. आणि एवढं करूनही २०१९-२० चा उन्हाळा आला. मॅलाकूटा हे व्हिक्टोरियाच्या टोकावरचं सुट्टीचं गाव. ३१ डिसेंबरच्या सकाळी, एरवी मुलं वाळूत किल्ले करायची त्या वेळी, आकाश काळंठिक्कर झालं, मग लाल. गावातून बाहेर पडायचा रस्ता बंद. चारेक हजार माणसं पाण्याच्या कडेला जमली, कोणी होड्यांत बसलं, कोणी गरज पडली तर पाण्यात शिरायचं म्हणून जॅकेटं चढवली. बंबांवरचे स्वयंसेवक त्यांच्या आणि आगीच्या मधे उभे राहिले. पुढे नौदलाच्या जहाजानं लोकांना बाहेर काढलं. जानेवारीच्या सुरुवातीला न्यू साउथ वेल्सच्या दक्षिण किनाऱ्यावरच्या पर्यटकांना सरकारनं सांगितलं, की निघून जा. उन्हाळा साजरा करायला आलेल्यांना उन्हाळ्यानंच परत पाठवलं. त्याच आठवड्यांत बेर्न्सडेलला शीख स्वयंसेवक भात आणि रस्सा शिजवून घर गेलेल्यांना वाढत होते. या देशात बाहेरून आलेला माणूस खरा आत कधी येतो, असं कोणी विचारलं तर मी त्या पातेल्यांकडे बोट दाखवेन.

तेव्हापासून इथल्या माणसाच्या मनात एक प्रश्न बसला आहे, तो मी शेजारीपाजारी वारंवार ऐकते. आपल्या मुलांना हा ऋतू आपल्यासारखा आवडेल का? तापमान वाढतं आहे, वणव्याचे दिवस वसंतातच सुरू होतात, हे सगळ्यांना दिसतं. कोळसा खणून विकणं मात्र थांबत नाही. झेंडे रोवून समुद्राला आवरता येत नाही, फक्त माणसाला सावध करता येतं, आणि इथे तर संकटाला सरपण पुरवणारा हातही आपलाच आहे. ही विसंगती या देशाच्या राजकारणानं सोडवलेली नाही आणि नुसत्या स्वयंसेवकांच्या जिवावर ती सुटणारही नाही.

उत्तराचा एक धागा मला इथल्या सर्वांत जुन्या माणसांकडे दिसतो. नैर्ऋत्य ऑस्ट्रेलियातले नूनगार लोक वर्षाचे सहा ऋतू मानतात, आणि त्यांतले उन्हाळ्याचे दोन, डिसेंबर-जानेवारीचा बिराक आणि फेब्रुवारी-मार्चचा बुनुरू. डिसेंबर ते फेब्रुवारी असे तीन महिने कॅलेंडरवर आखून सगळ्या खंडाला एकच उन्हाळा वाटून देणं त्यांना कधी पटलं नसतं. डार्विनमध्ये तर तेव्हा धो धो पाऊस असतो. शिवाय देशात ठिकठिकाणचे मूळ रहिवासी आपापल्या भूमीच्या मानानं योग्य वेळ साधून जमीन थोडी थोडी, तुकड्यातुकड्यानं जाळत आले. धग गवतापुरती राहते, झाडाचा शेंडा शाबूत राहतो, लहानमोठे प्राणी पळून जाऊ शकतात, आणि मोठ्या आगीला खायला फारसं उरत नाही. वसाहतीच्या काळात हे जाळणं मोडून काढलं गेलं. २०२० च्या राष्ट्रीय चौकशी आयोगानं त्या ज्ञानाची दखल घेतली, व्हिक्टर स्टीफन्सन यांच्यासारखी माणसं ते ठिकठिकाणी जाऊन शिकवत आहेत. हिवाळ्यातल्या एखाद्या गार सकाळी, दव नुकतं सुकलेलं असताना, ते गवताची एक मूठ मोडून बघतात, मातीला हात लावतात, वाऱ्याचा अंदाज घेतात आणि मग काडी लावतात. गावचे वणवा विझवणारे स्वयंसेवक त्यांच्या शेजारी उभे राहून प्रश्न विचारत असतात: आजच का, इथूनच का, या झाडाभोवती का नको?